बेसबॉलच्या प्लेऑफमध्ये 'बेस्ट ऑफ सेव्हन' म्हणजे सातही सामने होतात का?

नाही. चार सामने जो आधी जिंकेल तो पुढे, आणि मालिका तिथेच संपते. क्रिकेटमध्ये मालिका जिंकल्यावरही उरलेले सामने होतात, तसं इथे नाही.

अमेरिकेच्या मेजर लीगमध्ये, म्हणजे तिथल्या सर्वोच्च व्यावसायिक बेसबॉल स्पर्धेत, २०२२ पासून १२ संघ प्लेऑफला जातात, तिच्यातल्या अमेरिकन आणि नॅशनल या दोन्ही लीगचे सहा-सहा. पहिली फेरी तीनपैकी दोन विजयांची, सगळे सामने वरच्या क्रमांकाच्या संघाच्या घरी. प्रत्येक लीगच्या पहिल्या दोन संघांना ही फेरी माफ. पुढची पाचपैकी तीनची. लीगची अंतिम फेरी आणि वर्ल्ड सिरीज (दोन्ही लीगच्या विजेत्यांमधली अंतिम मालिका) सातांपैकी चारची: यजमानपदाचा फायदा मिळालेल्या संघाचे दोन सामने घरी, तीन बाहेर, गरज पडली तर शेवटचे दोन पुन्हा घरी.

एकाच सामन्यावर निकाल का नाही? कारण पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा खेळाडू. सुरुवातीचा पिचर एकदा खेळला की त्याला साधारण चार दिवस विश्रांती लागते. एका दिवशी एक भन्नाट पिचर कुणालाही हरवू शकतो. लांब मालिकेत अख्ख्या संघाचा कस लागतो.

लांब मालिकेची खरी मजा बघायची तर २००४ ची न्यूयॉर्क यँकीज विरुद्ध बोस्टन रेड सॉक्स ही अमेरिकन लीगची अंतिम फेरी बघाच. बोस्टन ०-३ ने मागे, तिसरा सामना १९-८ असा हरलेले. चौथ्यात नवव्या, म्हणजे एरवी शेवटच्या डावात एका धावेने पिछाडीवर, समोर यँकीजचा शेवटच्या डावांचा पिचर मारियानो रिव्हेरा. बदली धावपटू डेव्ह रॉबर्ट्सने दुसरा बेस चोरला (फटक्याची वाट न बघता धावत गाठला), पुढच्या फटक्यावर बरोबरी झाली, जादा डावांत सामना गेला आणि बाराव्या डावात बोस्टनच्या डेव्हिड ऑर्टिझने विजयी होमरन (मैदानाबाहेर जाणारा फटका) मारला. तिथून बोस्टनने सलग चार जिंकले! मग १९१८ नंतरची पहिली वर्ल्ड सिरीजही.