एक प्रश्न, तीन पुस्तके

प्रिय बेटा, अनेक आशीर्वाद.

तालुक्याच्या वाचनालयातून तू मानसशास्त्राचे, ध्रुवीय मोहिमांचे आणि उत्तरेकडील रानावनातल्या जीवनाचे अशी तीन पुस्तके एकदम नेलीस आणि आता ‘सर, यांतले आधी कोणते संपवू?’ असे विचारतेस. माझे सांगणे असे की, कोणतेच आधी संपवू नकोस. एक प्रश्न हाताशी धर आणि तो घेऊन तिन्ही पुस्तकांकडे जा.

माणूस जगापासून तुटला की त्याचे काय होते, हा प्रश्न घे. १८९८ साली ‘बेल्जिका’ हे जहाज अंटार्क्टिकाजवळच्या समुद्रात बर्फात अडकले आणि वर्षभर सुटले नाही. त्या हिवाळ्यात सुमारे ७० दिवस सूर्य उगवलाच नाही. माणसांना स्कर्व्ही, म्हणजे ताज्या अन्नावाचून होणारा हिरड्या सुजण्याचा आणि अशक्तपणाचा रोग, झाली, मने खचली, काहींचे तर भान सुटले. जहाजावरचे डॉक्टर फ्रेडरिक कुक यांनी त्यांना पेंग्विन आणि सील यांचे ताजे मांस खायला लावले आणि जोडीला रोज उघड्या अंगाने शेगडीसमोर उभे केले. बहुतेक जण सावरले.

येथे जरा थांब. आपल्याकडे एखादा शेतकरी पऱ्हाटीवर, म्हणजे कपाशीवर, फवारणी करतो, त्याच दिवशी युरियाही देतो आणि आठ दिवसांनी झाड तरारले की गुण औषधाच्या नावावर जमा होतो. खरे कळायचे असेल तर धुऱ्याकडच्या, म्हणजे बांधाकडच्या, चार ओळींना फवारणी न करता ठेवावे लागते. कुक यांच्याजवळ अशा चार ओळी नव्हत्या, आणि मरणाच्या दारातल्या माणसांवर तसे करून पाहणे योग्यही झाले नसते. ताज्या मांसातल्या ‘क’ जीवनसत्त्वाने स्कर्व्ही हटली, हे आज आपल्याला ठाऊक आहे. परंतु मनाला आलेली उभारी मांसाची, शेगडीच्या उबेची, की रोज कोणीतरी आपली विचारपूस करते या दिलाशाची, हे त्या हकिकतीवरून ठरवता येत नाही. संशोधनपद्धतीचे पुस्तक रुक्ष वाटले म्हणून तू कपाटात परत ठेवलेस. ते याचसाठी पुन्हा काढ.

आता मानसशास्त्राकडे वळ. १९५० च्या दशकात मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात विद्यार्थ्यांना पैसे देऊन, डोळ्यांवर धूसर चष्मा आणि हातांवर आवरणे चढवून, एका खोलीत नुसते पडून राहायला सांगितले होते. बहुतेकांना दोन-तीन दिवसांपलीकडे ते सोसले नाही, आणि काहींना नसलेली दृश्ये दिसू लागली. तेथे बर्फ नव्हता, उपासमार नव्हती, तरी मन डळमळले.

मग तिसरे पुस्तक उघड. सूर्य न उगवणारा हिवाळा उत्तर ध्रुवाकडच्या बर्फाळ प्रदेशातल्या मूळ रहिवाशांच्या, म्हणजे इन्युइट लोकांच्या, वाट्याला वर्षानुवर्षे येतो, आणि तेथे संसार चालतात, मुले वाढतात. ‘बेल्जिका’वरच असलेले नॉर्वेचे धाडसी प्रवासी रोआल्ड आमुंडसेन पुढे १९०३ ते १९०५ या काळात कॅनडाच्या उत्तरेकडील किंग विल्यम बेटावर नेत्सिलिक या इन्युइट लोकांच्या शेजारी राहिले आणि कातड्याचे सैल कपडे कसे घालावेत, कुत्र्यांच्या घसरगाड्या कशा हाकाव्यात, हे त्यांच्याकडून शिकले. कपडे सैल, कारण अंगाचा घाम आत कोंडून गोठला की माणूस संपला. वैशाखात डोक्याला दुपट्टा बांधून, पातळ सैल सदऱ्यात शेतात जाणारे आपले आजोबा आठव. ऊन वेगळे, थंडी वेगळी, पण दोन्हीकडचे शहाणपण पिढ्यांनी अंगावर झेलून मिळवलेले आहे. तरुणपणी मी मोहिमांतली पराक्रमाची पाने तेवढी वाचली आणि कपड्यालत्त्याची, चुलीची, शिवणटिपणाची पाने उलटून टाकली, याची मला आजही खंत वाटते. १४ डिसेंबर १९११ रोजी आमुंडसेन दक्षिण ध्रुवावर पोहोचले, त्यामागे हीच पाने होती.

एक गोष्ट मात्र जपून वाच. ज्या कुक यांनी जहाजावरची माणसे जगवली, त्यांनीच पुढे, आपण १९०८ साली उत्तर ध्रुव गाठला, असा दावा केला, आणि पुरेशा नोंदींअभावी तो मान्य झाला नाही. चांगला डॉक्टर म्हणून त्यांचा प्रत्येक शब्द खरा मानू नकोस आणि दावा फसला म्हणून जहाजावरची त्यांची सेवाही पुसू नकोस. वहीत दोन रकाने आख : कुक यांनी स्वतः काय सांगितले आणि त्याला दुसऱ्या कोणाचा दुजोरा आहे. येत्या रविवारी बाजाराला येशील तेव्हा ती वही घेऊन ये. आपण ओसरीवर बसून ते दोन्ही रकाने मिळून वाचू.