तोफखान्यापुढे रायफल आणि मशिनगनचे काम काय?

दोन्ही महायुद्धांत रणांगणावरची बहुतेक जीवितहानी तोफखान्याने केली असेल, तर पायदळाच्या रायफली आणि मशिनगन नेमके काय साधत होत्या, असे आपण विचारले आहे. प्रश्नातील माहिती बरोबर आहे. परंतु त्यावरून ही शस्त्रे दुय्यम ठरवणे मला पटत नाही, कारण त्यांचे काम केवळ मृतांच्या संख्येवरून मोजता येत नाही.

आपले सैनिक शत्रूच्या मोर्चाजवळ पोहोचू लागले की तोफांचा मारा थांबवावा किंवा पुढे सरकवावा लागतो, नाहीतर आपलेच लोक त्यात सापडतात. तेथून पुढचे थोडेसे, पण सर्वांत घातक अंतर तुकडीला स्वतःच्या शस्त्रांच्या बळावर पार करावे लागते. काही जण आडोशाला राहून गोळीबार करतात, बाकीचे तेवढ्यात धावत पुढचा आडोसा गाठतात आणि मग भूमिका बदलतात. ध्वनीपेक्षा वेगाने जाणारी गोळी डोक्याजवळून गेली की चाबूक ओढल्यासारखा कडाडणारा आवाज येतो, आणि तो ऐकून मान खाली घालणाऱ्याला नेम धरता येत नाही. गोळी कोणालाही लागली नाही, तरी तिचे काम झालेले असते.

म्हणूनच दुसऱ्या महायुद्धातील जर्मन तुकडीची रचना मशिनगनभोवती केलेली होती, आणि रायफलधारी सैनिक तिच्याच गोळ्यांचे पट्टे वाहून नेत. त्यांची एमजी ४२ ही मशिनगन मिनिटाला सुमारे १२०० गोळ्यांच्या वेगाने मारा करी. ब्रिटिशांची ब्रेन मशिनगन सुमारे ५००, तीही ३० गोळ्यांच्या मॅगझिनमधून. सततच्या माऱ्याने नळी इतकी तापे की ती वरचेवर बदलावी लागे, आणि त्या काही सेकंदांत शत्रूला दाबून ठेवण्याची जबाबदारी रायफलींवर येई.

जुन्या जर्मन मॉझर रायफलीवर २००० मीटरपर्यंतच्या नेमाच्या खुणा होत्या, पण प्रत्यक्ष चकमकी बहुधा ३००-४०० मीटरच्या आत होत. या अनुभवातून आखूड काडतुसाची जर्मन रायफल एसटीजी ४४ आणि पुढे सोव्हिएत एके-४७ आली. नंतरचे ५.५६ मिलिमीटरचे काडतूस ७.६२ च्या नाटो काडतुसापेक्षा वजनाने जवळपास निम्मे असल्यामुळे तेवढ्याच ओझ्यात सैनिकाला जवळपास दुप्पट गोळ्या नेता येतात. हा फायदा मला फार मोलाचा वाटतो, कारण दाबून ठेवणारा गोळीबार गोळ्या झपाट्याने संपवतो. त्यामुळे कोणी, कधी आणि किती वेगाने गोळ्या झाडायच्या हे ठरवणे तुकडीच्या म्होरक्याचे लढाईतले एक मुख्य काम असते.