हुकूमनाम्याची तारीख सांगा, बाकीचं नंतर

तासगाव तालुक्यातल्या एकांचा प्रश्न आलाय, असले महिन्याला दोन-तीन येतातच. भावाभावांचा वाटपाचा दावा तडजोडीत मिटला, द्राक्षबाग धाकट्याला आणि बदल्यात सांगलीतला विश्रामबागचा प्लॉट यांना. कोर्टाने पुरसीस (दोघांनी सह्या करून दिलेलं तडजोडीचं लेखी निवेदन) मान्य करून हुकूमनामा, म्हणजे डिक्री, केला. आता सिटी सर्व्हेवाले म्हणतात डिक्री रजिस्टर करून आणा, त्याशिवाय प्रॉपर्टी कार्डला नाव लागणार नाही. "कोर्टापेक्षा हे मोठे का?"

मोठे नाहीत ओ, पण बरोबर बोलतायत. तुम्ही पाठवलेल्या फोटोत दाव्याच्या मिळकतीत बागेचा गट नंबर तेवढा दिसतोय, प्लॉट कुठंच नाही. तो पुरसीसच्या शेवटी "तसेच" म्हणून पेनाने घुसवलाय, बाजूला दोघांच्या सह्या. दाव्याबाहेरची मिळकत तडजोडीत घेता येते, १९७६ च्या दुरुस्तीपासून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २३ रूल ३ मध्ये तशी सोय आहे, म्हणून जजसाहेबांनी अडवलं नाही. पण नोंदणी कायद्याच्या कलम १७ मध्ये हुकूमनाम्याला नोंदणीतून जी सूट आहे ती तडजोडीत दाव्याबाहेरची स्थावर मिळकत आली की त्या मिळकतीपुरती जाते. सहा वर्षं तारखा खाल्ल्या, त्यात एक दुरुस्ती अर्ज देऊन प्लॉट दाव्यात घेतला असता तर बहुतेक ही वेळच आली नसती.

असो. चार पानं लिहिलीत आणि हुकूमनामा कधीचा तर "मध्यंतरी झाला". अहो सगळं त्या तारखेवर आहे! नोंदणीला ४ महिने मिळतात, आणि तडजोडीच्या डिक्रीवर अपील नसतं त्यामुळे ते डिक्रीच्या तारखेपासूनच मोजायचे, नक्कल हातात पडली त्या दिवसापासून नाही. मुदतीत असाल तर सही-शिक्क्याची नक्कल घेऊन रजिस्टर ऑफिसला तुम्ही एकटे गेलात तरी चालतं, भावाची सही लागत नाही. पुढचे ४ महिने नोंदणी फीच्या १० पटीपर्यंत दंड भरून, आणि तेही उशिराला खरोखर अडचणीचं कारण असेल तर, छाटणी चालू होती हे कारण चालेल असं मला वाटत नाही. स्टॅम्प ड्युटी किती ते डिक्री दाखवूनच विचारा, मी इथून आकडा सांगत नाही.

८ महिने उलटले असतील तर मात्र प्लॉटचा वेगळा दस्त करून रजिस्टर करायचा, आणि त्याला भाऊ पाहिजे. म्हणून आज नकलेचा अर्ज टाकाच आणि जाता जाता बागेचा सातबारा काढून बघा. धाकट्याचं नाव फेरफाराने आधीच लागलं असेल तर त्याला आता सहीची काहीच घाई नाही.