आठ-दहा जणांचा नाट्यगट काढून आजची नाटकं करायची असतील तर सुरुवात कुठून करावी?

तुम्ही विचारलंय की कॉलेज संपलं, एकांकिका स्पर्धा संपल्या, पण संच अजून एकत्र आहे. पैसा नाही, हॉल नाही, तरी आजच्या काळावरची नाटकं करता येतील का? येतील. मी पुण्यात अशाच एका लहान गटात बरीच वर्षं आहे. कधी स्टेजवर असते, कधी लाइट ऑपरेट करते.

हॉल आणि पैसा नंतर बघा, आधी लेखक गाठा. त्याच्याकडून संहिता घेऊन मोकळे होऊ नका, त्याला तालमीला बसवा. आपले नट कसे बोलतात, कुठे अडखळतात, कोणाला गाता येतं हे त्याच्या कानावर पडलं की पुढचा खर्डा वेगळाच येतो. पुण्यातलंच उदाहरण घ्या. ‘घाशीराम कोतवाल’ हे नाटक डिसेंबर 1972 मध्ये पीडीए (प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन) या नाट्यसंस्थेने केलं. संस्थेने प्रयोग थांबवले तेव्हा त्यातली मंडळी बाहेर पडली आणि 1973 मध्ये थिएटर अकादमी उभी राहिली. पुढच्याच वर्षी त्यांच्यातल्याच सतीश आळेकरांचं ‘महानिर्वाण’ आलं. कीर्तनाच्या अंगाने जाणारं ते नाटक, गाणारे नट हाताशी नसते तर कसं उभं राहिलं असतं?

‘घाशीराम’मधली ब्राह्मणांची रांग तर प्रत्येक लहान गटाने अभ्यासावी. पाठ फिरवली की भिंत, वळले की पुणेकर. नेपथ्याचं काम माणसंच करतात आणि रांगेतला शेवटचा नटही नाटकाला तितकाच लागतो. संच म्हणतात तो हा.

म्हणून कामाची वाटणी पहिल्याच बैठकीत करा. या नाटकात ज्याची मोठी भूमिका आहे, तो पुढच्या नाटकात बॅकस्टेजला. आमच्या प्रॉपर्टीच्या, म्हणजे नाटकात वापरायच्या वस्तूंच्या, ट्रंकेच्या झाकणाला आतून यादी चिकटवलेली आहे. प्रयोगानंतर कितीही उशीर होवो, ती मोठ्याने वाचल्याशिवाय ट्रंक बंद होत नाही. वाचणारा दर प्रयोगाला वेगळा. चष्म्याची एक काडी हरवली तरी तेव्हाच कळतं, पुढच्या प्रयोगाच्या विंगेत नाही.

जागेचं म्हणाल तर मोठ्या नाट्यगृहाच्या मागे लागू नका. दादरच्या छबिलदास शाळेच्या सभागृहात ‘आविष्कार’ या नाट्यसंस्थेने 1974 पासून प्रायोगिक नाटकांना घर दिलं, तो शाळेचा हॉलच होता. पुण्यात शनिवार पेठेत सुदर्शन रंगमंच हे लहान नाट्यगृह आहे. मोठ्या नाट्यगृहात शंभर प्रेक्षक म्हणजे रिकाम्या खुर्च्या, तिथे तेच शंभर म्हणजे गर्दी. आम्ही तालमीच्या खोलीत जमिनीवर चिकटपट्टीने सुदर्शनच्या स्टेजची मापं आखून घेतो. प्रयोगाच्या दिवशी एन्ट्रीची पावलं मोजावी लागत नाहीत.

पैशाबद्दल थोडक्यात: सुरुवातीला नाइट, म्हणजे प्रयोगामागे मिळणारं मानधन, कोणालाच मिळणार नाही, पण टेम्पो आणि प्रवासाचा खर्च कोणाच्या खिशातून जाऊ देऊ नका. हिशोबाची वही सगळ्यांना बघता यायला हवी.

खरी कसोटी चार-पाच प्रयोगांनंतर लागते. एखाद्याला मालिका मिळते, कोणाची बदली होते. त्याबद्दल मनात राग धरू नका, त्यांनाही घर चालवायचंय. प्रत्येक भूमिकेची वाक्यं आणखी एकाला पाठ असू द्या आणि रिप्लेसमेंटला पूर्ण तालमी द्या, नुसत्या रनथ्रूवर, म्हणजे नाटक एकदा सलग करून बघण्यावर, उभं करू नका. प्रयोगांत खंड पडला की नाटक सैल होतं, तेव्हा लहान गावातलं, कमी मानधनाचं आमंत्रणही घ्या. तिसाव्या प्रयोगाला नाटकात जे सापडतं ते पहिल्याला नसतं.

आणि लेखकाची लेखी परवानगी घ्या. महाराष्ट्रात जाहीर प्रयोगासाठी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं, म्हणजे संहिता तपासणाऱ्या सरकारी मंडळाचं, प्रमाणपत्रही लागतं. संहिता पक्की झाली की लगेच पाठवा, कारण तारीख मिळाल्यावर धावपळ केली तर शेवटच्या आठवड्यातल्या तालमी त्यातच जातात.