नमनालाच घडाभर तेल : ग्रीक 'हिम्न'ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न : आमच्या वाचनगटात 'होमरिक हिम्स'चं, म्हणजे होमरच्या नावावर चालत आलेल्या, देवांवरच्या प्राचीन ग्रीक 'हिम्न'-संग्रहाचं भाषांतर वाचायला घेतलं आहे. काही जण त्यांना 'होमरच्या आरत्या' म्हणतात, काही 'होमरची स्तोत्रं'. बरोबर काय? शिवाय 'हिम्न' आणि 'होमर' हे दोन्ही शब्द आपल्या 'होम'वरून आले असं एका फॉरवर्डमध्ये वाचलं. त्यात तथ्य आहे का?

उत्तर : फॉरवर्डचा निकाल आधी लावू, कारण हा तिसऱ्यांदा माझ्याकडे आला आहे आणि दर वेळी त्याला एक नवीन शेपूट फुटलेलं असतं. नाही, तथ्य नाही. 'होम' हा 'हु' धातूचा, आहुती ओतणं हा त्याचा अर्थ. त्याचा ग्रीक भाऊबंद 'खेओ', म्हणजे 'ओततो'. संस्कृतातल्या 'ह'समोर ग्रीकमध्ये सहसा 'ख' येतो. ग्रीकमधला शब्दारंभीचा 'ह' बहुतेक वेळा आपल्या 'स'चा असतो : सप्त आणि हेप्ता, सर्प आणि हेर्पो (सरपटतो). दोन शब्दांची सुरुवात सारखी ऐकू आली की लगेच सोयरीक जुळवणाऱ्यांनी एवढा एक नियम पाठ केला तरी निम्मे फॉरवर्ड बंद पडतील.

आता आरती. गेली काही वर्षं वर्तमानपत्रांच्या रविवार पुरवण्यांतून आणि यूट्यूबवरच्या मथळ्यांतून 'प्राचीन ग्रीक आरत्या' सतत कानावर पडतात. 'आरती' आली 'आरात्रिक'वरून. ओवाळायचा दिवा तोच आणि ओवाळताना म्हणायचं पद तेच. समोर मूर्ती, हातात तबक, सगळ्यांनी मिळून टाळ्या. होमरी रचनांमध्ये यातलं काहीही नाही. एकटा गायक उभा आहे, समोर मूर्ती असेलच असं नाही, श्रोते मात्र आहेत आणि बहुधा स्पर्धाही आहे. प्रेमदेवता अफ्रोदितीवरच्या एका छोट्या रचनेचा शेवट पाहा : 'या स्पर्धेत मला जय दे, माझं गाणं सजव.' आरतीत असं कोण मागतं?

'स्तोत्र' त्यापेक्षा बरं. पण ते खरं शोभतं ऑर्फिक रचनांना, म्हणजे ऑर्फियस या पुराणातल्या गायकाच्या नावावरच्या. त्या 87 आहेत आणि विशेषणांवर विशेषणं रचत जातात. आपल्या नामावल्या म्हणणाऱ्याला त्या लगेच ओळखीच्या वाटतील. बहुतेक रचनांच्या डोक्यावर कोणता धूप जाळायचा तेही लिहिलेलं असतं : कुठे स्टिरॅक्सची राळ, कुठे नुसतं 'सुगंधी द्रव्य', कुठे 'लिबानोस'. हा लिबानोस आणि आपल्या संध्याकाळच्या धुपातला लोबान हे एकाच सेमिटिक मुळाचे, 'पांढरा' या अर्थाच्या धातूवरून आलेले. ग्रीकांनी तो शब्द शेजाऱ्यांकडून उचलला, आपल्याकडे तो अरबी-फारसीच्या वाटेने आला. हे विषयांतर झालं, पण लोबानाला वगळून पुढे जाणं मला जमत नाही.

होमरी रचनांसाठी योग्य मराठी शब्द एकच आहे, आणि तो आपल्याकडे आयता असताना कुणी वापरत नाही याचं मला नवल वाटतं. तो शब्द म्हणजे नमन. तमाशात आधी गण, म्हणजे गणेशाचं नमन, मग गवळण, बतावणी, आणि मग वग. गण संपला की शाहीर थांबत नाही, कारण खरी गोष्ट पुढे असते. होमरी रचना नेमक्या याच जागी बसतात. संग्रहात त्या 33 आहेत आणि त्यांतल्या बऱ्याच जणींचा शेवट एका ठरलेल्या ओळीने होतो : 'आणि मी तुझी आठवण ठेवीन, आणि दुसऱ्या गाण्याचीही.' दुसरं गाणं म्हणजे वग. सूर्य आणि चंद्र यांच्यावरच्या रचना तर आडपडदाच ठेवत नाहीत. सूर्याला तिथे सांगितलं जातं की तुझ्यापासून आरंभ करून आता मी अर्धदेव पुरुषांची कीर्ती गाईन. धान्यदेवता डिमिटरवरची एक रचना जेमतेम तीन ओळींची आहे आणि तिचा मजकूर साधारण असा : सुंदर केसांच्या डिमिटरपासून, त्या पूज्य देवीपासून मी गायला सुरुवात करतो, तिच्यापासून आणि तिच्या लेकीपासून, रूपवती पर्सिफोनीपासून. देवी, तुझं कल्याण असो, हे नगर सांभाळ आणि गाणं सुरू कर. झालं! याला कुणी स्तोत्र म्हणत असेल तर स्तोत्राची व्याख्या त्यांनी एकदा सांगावी.

हे माझ्या मनचं नाही. थुसिडिडीस या ग्रीक इतिहासकाराने आपल्या इतिहासाच्या तिसऱ्या पुस्तकात, डेलॉस बेटावरच्या उत्सवाबद्दल लिहिताना, अपोलोवरच्या रचनेतल्या ओळी उद्धृत केल्या आहेत. त्याच ओळींमध्ये 'खिऑस बेटावर राहणारा आंधळा माणूस' येतो, थुसिडिडीसच्या लेखी तो होमरच. थुसिडिडीस त्या रचनेला 'हुम्नोस' ('हिम्न'चं मूळ ग्रीक रूप) म्हणत नाही, 'प्रोओइमिओन' म्हणतो. 'प्रो' म्हणजे आधी आणि 'ओइमे' म्हणजे गाणं, गाण्याची वाट. ओडिसीतला फेमिओस नावाचा गायक याच शब्दात सांगतो की देवाने माझ्या मनात तऱ्हेतऱ्हेच्या 'ओइमे' रुजवल्या आहेत. गाण्याआधीचं गाणं म्हणजे नमनच. ज्ञानेश्वरीच्या आरंभीही हेच आहे. गीतेआधी आद्याला वंदन, मग गणेश, मग शारदा, मग गुरू.

यावर पंडितांची हरकत ठरलेली असते : तीन ओळींचं ठीक आहे, पण हर्मीसवरच्या रचनेत 580 ओळी, अपोलोवरच्या 546, डिमिटरवरच्या मोठ्या रचनेत 495. एवढं लांबलचक कुणी नमन म्हणतं का? म्हणतं हो! 'नमनालाच घडाभर तेल' ही म्हण मराठीत उगीच आली नाही. मशाली पेटवून खेळ लावायचे, नमन इतकं लांबायचं की मूळ खेळ सुरू होण्याआधीच तेल संपत यायचं. नमन लांबतं, लांबवलं जातं, कधीकधी तेच लोकांना जास्त आवडतं आणि मग ते स्वतंत्रही गायलं जातं. पण मोठं झालं म्हणून त्याची जात बदलत नाही. डिमिटरवरच्या मोठ्या रचनेत पर्सिफोनीचं हरण येतं, आईचा शोध येतो, एलेउसिसमधली दाई होण्याची गोष्ट येते. हे सगळं सांगून झाल्यावर 494व्या ओळीत कवी गाण्याच्या बदल्यात सुखाची उपजीविका मागतो आणि 495व्या ओळीत पुन्हा तेच म्हणतो : 'तुझी आठवण ठेवीन, आणि दुसऱ्या गाण्याचीही.' ती ओळ नुसती सवयीने चिकटवली आहे असं म्हणणाऱ्यांना माझं विचारणं आहे की सवय कशाची? नमनाचीच ना? (ही रचना जेमतेम वाचली. 1777 मध्ये मॉस्कोत मॅथेई या जर्मन अभ्यासकाच्या हाती तिची एकुलती एक हस्तलिखित प्रत लागली. आज ती लायडनमध्ये आहे.)

'हुम्नोस'ला 'देवाची स्तुती' हा अर्थ नंतर घट्ट चिकटला. हेसिओड हा जुना ग्रीक कवी सांगतो, खाल्किसला अम्फिदामासच्या श्राद्धस्पर्धेत मी 'हुम्नोस'ने जिंकलो आणि दोन कानांची तिवई मिळवली. तिथे तो शब्द साध्या गाण्याइतकाच आहे. तो आवळला प्लेटोने. त्याच्या आदर्श नगरात कवितेला प्रवेश दोनच प्रकारांनी, देवांची 'हुम्नोस' आणि सज्जनांची प्रशंसा. पुढे ख्रिस्ती प्रार्थनेने तो शब्द घेतला, लॅटिनमध्ये 'हिम्नुस' झाला, इंग्रजीने 'न' लिहायचा ठेवला आणि उच्चारायचा सोडला. त्या इंग्रजी उच्चारावरून मराठीत 'होमरचे हिम' लिहिणारे लोक आहेत. ते वाचून मला आधी ऑलिंपस पर्वतावरचा बर्फच आठवतो. ग्रीकमध्ये 'न' पूर्ण आहे. 'हिम्न' लिहा.

आता या शब्दाची खरी गंमत. 'हुम्नोस' कुठून आला? कोशकार 'व्युत्पत्ती अनिश्चित' असा शेरा मारून मोकळे होतात. रॉबर्ट बेकस यांचा 2010चा जाडजूड ग्रीक व्युत्पत्तिकोश माझ्या फार उपयोगाचा आहे, पण ज्याचं मूळ सापडत नाही तो शब्द ग्रीकपूर्व लोकांच्या नावावर टाकायची त्यांची खोड माझ्या डोक्यात जाते. त्या लोकांची भाषा कुणाला वाचता येत नाही, मग त्यांच्या खात्यावर काय वाटेल ते मांडता येतं.

एक जुना तर्क विणण्याचा आहे. 'हुफाइनो' म्हणजे विणतो, आणि बाखिलिडीस हा कवी खरोखरच 'हुम्नोस विणून' पाठवल्याचं सांगतो. ऐकायला सुरेख. पण ध्वनी आडवा येतो. ग्रीकमध्ये 'फ्न' हा 'म्न' होत नाही, तसाच राहतो. अपोलोच्या झाडाचं नावच बघा, दाफ्ने. 'ब्न'चा 'म्न' होतो, 'सेब'पासून 'सेम्नोस' (पूज्य) होतो तसा. म्हणून विणकामाला माझा रामराम.

माझं मत शिवणकामाला. ग्रीकमध्ये 'हुमेन' म्हणजे पातळ पापुद्रा, शरीरातला पडदा. संस्कृतात त्याचा सख्खा भाऊ 'स्यूमन्', म्हणजे बंध, पट्टा, शिवण. वर सांगितलेला 'स'चा 'ह' इथेच कामाला येतो. मूळ धातू 'सिव्'. त्याच्याकडूनच आपलं शिवणं, सूत, सूत्र, सुई. 'हुम्नोस' याच घरातला असेल तर 'हिम्न' म्हणजे शिवण! आणि आता ग्रीक कवींची साक्ष घ्या. हेसिओडच्या नावावर चालत आलेल्या एका तुकड्यात तो म्हणतो की डेलॉसवर मी आणि होमर, 'नव्या हुम्नोसांमध्ये गाणं शिवत' अपोलोला गायलो. हुम्नोस आणि शिवणं एकाच ओळीत! तुकडा हेसिओडचा नाही असं अभ्यासक म्हणतात. नसेना का, ज्या ग्रीकाने रचला त्याच्या कानाला ते दोन शब्द शेजारी बसवावेसे वाटले, माझ्यासाठी तेवढं पुरे. पिंडार या कवीच्या दुसऱ्या नेमियन गीताची (नेमियाच्या खेळांतल्या विजेत्यावरच्या गीताची) सुरुवात तर माझ्या दोन्ही मुद्द्यांवर एकदम शिक्का मारते : 'होमरचे वंशज, शिवलेल्या शब्दांचे गायक, जसे बहुतेकदा झ्यूसच्या प्रोओइमिओनपासून आरंभ करतात...' शिवणही आली आणि नमनही आलं.

'रॅप्सोड', म्हणजे महाकाव्यं म्हणणारा ग्रीक गायक, हा शब्दही शिवणीचाच, 'राप्तो' म्हणजे शिवतो अधिक 'ओइदे' म्हणजे गाणं. 'रॅप्सडी' म्हणजे भावनांचा उद्रेक असं लिहिणाऱ्या संगीतसमीक्षकांना ही शिवण कधी टोचलेली दिसत नाही. प्राचीन काळापासून काही जण 'रॅप्सोड'चं मूळ 'राब्दोस', म्हणजे गायकाच्या हातातली काठी, यात शोधतात. काठी हातात असायची हे खरं, पण नुसत्या काठीवरून 'राप्स' तयार होत नाही. व्याकरणाने ती काठी कधीच मोडली आहे. अथेन्सच्या पानाथेनाइआ उत्सवात एका रॅप्सोडने सोडलेला धागा दुसऱ्याने उचलायचा असा दंडक होता, त्याला शिवणं नाही तर काय म्हणायचं?

गाणं शिवणं-विणणं ही कल्पना ग्रीकांची एकट्यांची नाही. ऋग्वेदात गृत्समदांच्या मंडलात वरुणाला विनवणी आहे : 'मा तन्तुश्छेदि वयतो धियं मे', मी माझी स्तुती विणत असता धागा तुटू नये. पहिल्या मंडलातलं एकसष्टावं सूक्त, नोधा गौतमाचं, तर एका पाठोपाठ दोन कारागीर आणून उभे करतं. चौथ्या ऋचेत कवी सुताराने रथ घडवावा तसा स्तोम, म्हणजे स्तुती, घडवून पाठवतो आणि आठव्या ऋचेत देवांच्या बायका इंद्रासाठी अर्क, म्हणजे स्तुतिगीत, विणतात.

हा सुतार मला 'होमर' या नावासाठी हवा आहे. ग्रीकमध्ये 'होमेरोस' या सामान्य नामाचा अर्थ 'ओलीस' असा होतो, आणि त्यावरून प्राचीनांनी कवीच्या ओलीस असण्याच्या कथाही रचल्या. ग्रेगरी नाज या होमरच्या अभ्यासकाने मात्र त्याची फोड 'होम' आणि 'आर' अशी केली आहे, एकत्र जोडणारा, सांधे बसवणारा. यातला 'होम' म्हणजे आपला 'सम' (पुन्हा तोच 'स'चा 'ह'), आणि 'आर' हा चाकाच्या आऱ्याच्या कुळातला. फॉरवर्डवाल्यांना संस्कृत नातं हवंच असेल तर हे घ्या, यज्ञकुंडापेक्षा कितीतरी देखणं आहे. यावरही अभ्यासकांचं एकमत नाही, पण होमर सुतार आणि हिम्न शिंपी, ही जोडी सोडायला मी तयार नाही.

सगळ्याच ग्रीक रचनांना 'नमन' म्हणू नका, एवढं मात्र सांभाळा. क्लिआंथीस या तत्त्वज्ञाची झ्यूसस्तुती आणि कॅलिमाखस या कवीच्या सहा रचना यांच्यामागे कुठलाही वग उभा नाही, तिथे 'स्तोत्र' चालेल. डेल्फीला अथेनियन कोषागाराच्या भिंतीवर 1893 मध्ये सापडलेल्या, स्वरचिन्हांसकट कोरलेल्या रचना अपोलोसाठी समूहाने गायच्या आहेत. 1894 मध्ये पॅरिसला, ऑलिंपिक पुन्हा सुरू करायच्या परिषदेत, त्यांतली एक गाब्रिएल फोरे या फ्रेंच संगीतकाराने साथ रचून ऐकवली होती. आरतीच्या त्यातल्या त्यात जवळ काही जात असेल तर ती असली समूहगीतं, पण दिवा तिथेही नाही.

तुमच्या गटाच्या वहीवर 'होमरी नमनं' लिहा. सुरुवात तीन ओळींच्या डिमिटरपासून करा आणि हर्मीस लगेच घ्या. जन्मल्या दिवशीच कासवाच्या पाठीची वीणा करून भावाची गुरं पळवणारं ते पोर वाचताना 580 ओळी कधी संपतात कळत नाही.