लिस्बनमधल्या जुन्या इमारती पाहायला गाईडबरोबरची पायी टूर घ्यावी, की स्वतःच फिरावं?

तुम्ही विचारलंय की जूनमध्ये आई-बाबांना घेऊन तीन दिवस लिस्बनला येताय, तिघांनाही जुन्या वास्तूंची आवड आहे, तर गाईडबरोबरची पायी टूर घ्यावी का आणि घेतलीच तर शहराच्या कुठल्या भागाची. मी इथे काही वर्षं राहतोय, शिक्षणाने सिव्हिल इंजिनिअर आहे, आणि घरी येणाऱ्या पाहुण्यांना माझं एकच सांगणं असतं: गाईडचे पैसे बायशा या शहराच्या मध्यवर्ती, नदीलगतच्या भागासाठी ठेवा. अल्फामा ही जुनी वस्ती आणि नदीकाठचा बेलेम भाग तुमचे तुम्ही बघा.

बहुतेक पर्यटक याच्या नेमकं उलट करतात. अल्फामाच्या गल्ल्यांसाठी आणि बेलेमच्या मठासाठी गाईड घेतात आणि बायशातून दुकानं बघत निघून जातात. त्यांना दोष देता येत नाही, कारण बायशा दिसायला अगदी साधा आहे. सरळ काटकोनात कापणारे रस्ते, एकसारख्या चार-पाच मजली इमारती, खिडक्यांच्या सारख्या ओळी, नक्षीकाम जवळजवळ नाहीच. रस्त्याच्या कडेची चर्चसुद्धा बाकीच्या घरांच्या ओळीत गुमान उभी. पण लिस्बनने जगाला दिलेली सगळ्यात मोठी स्थापत्यविद्या इथेच आहे आणि ती भिंतींच्या आत दडलेली आहे. गिलाव्याच्या मागे काय आहे हे सांगणारं माणूस सोबत नसेल तर ती कळायची नाही.

1 नोव्हेंबर 1755 ला, ख्रिस्ती संतांच्या सणाच्या दिवशी, सकाळी साडेनऊच्या सुमारास इथे प्रचंड भूकंप झाला. चर्च माणसांनी भरलेली होती. लोक नदीकाठच्या मोकळ्या जागेकडे धावले, तर तेजो नदीतून त्सुनामीच्या लाटा आत घुसल्या. मेणबत्त्या आणि चुली कलंडून लागलेली आग पुढे कित्येक दिवस धुमसत होती. नदीकाठचा राजवाडा त्याच्या ग्रंथालयासकट गेला, त्याच वर्षी सुरू झालेलं ऑपेरा हाउस गेलं. राजा जोझे पहिला याचा मंत्री सेबास्तियांव द कार्व्हाल्यो इ मेलो, जो पुढे मार्केश द पोंबाल म्हणून ओळखला गेला, त्याने शहर उभारणीची सूत्रं हातात घेतली. मुख्य अभियंता होता मानुएल द माइया, वय 78. या म्हाताऱ्याबद्दल मला फार आदर आहे. त्याने घाईघाईने एकच आराखडा पुढे केला नाही. होतं तसंच बांधायचं, रस्ते रुंद करून बांधायचं, घरांची उंची कमी ठेवायची, सगळं पाडून नव्याने आखायचं, की शहरच उचलून बेलेमकडे न्यायचं, असे पर्याय त्याने फायद्यातोट्यांसह मांडले. शेवटी पडझड सपाट करून त्याच जागी नवं शहर आखायचं ठरलं. आखणी एउजेनियु दुश सांतुश आणि हंगेरीत जन्मलेला कार्लुश मार्देल यांची.

आता भिंतींच्या आत काय आहे ते सांगतो. तळमजला दगडी कमानींचा, म्हणजे दुकानात आग लागली तर ती सहज वर चढू नये. त्याच्या वरच्या मजल्यांत लाकडाचा पूर्ण सांगाडा: उभे वासे, आडवे वासे, आणि प्रत्येक चौकटीत फुलीसारखे एकमेकांना छेदणारे दोन तिरपे वासे. मधल्या जागा दगड-विटांचे तुकडे आणि चुना घालून भरायच्या आणि वरून गिलावा. याला इथे ‘गायोला’ म्हणजे पिंजरा म्हणतात. आपल्याकडच्या वाड्यांतही लाकडी खांब आणि तुळया असतात, पण ही फुली नसते, आणि सगळं बळ त्या फुलीत आहे. जमीन आडवी हलली की चौकोन कलतो, त्रिकोण कलत नाही. मधली भर गळून पडली तरी मजला डोक्यावर येत नाही. हा सांगाडा बांधून त्याभोवती सैनिकांना पाय आपटत चालायला लावून तपासला, अशी गोष्ट प्रत्येक गाईड सांगतो. ती दंतकथा असेल, पण भूकंपाचा विचार करून एक आख्खी वस्ती ठरवून बांधली, तीही अठराव्या शतकात, ही मात्र खरी गोष्ट आहे.

गाईडने दाखवायलाच हव्यात अशा आणखी दोन गोष्टी. रस्त्याच्या पलीकडे जाऊन छपरांकडे बघा. दोन इमारतींच्या मधली भिंत छपराच्या वर आलेली दिसेल. एका घराची आग दुसऱ्या घरावर जाऊ नये म्हणून ती मुद्दाम उंच केलेली आहे. दुसरं, दारं-खिडक्यांच्या दगडी चौकटी. त्या ठरावीक मापांत आधीच घडवून आणायच्या आणि जागेवर बसवायच्या, ही पद्धत तेव्हा राबवली गेली. घरं एकसारखी दिसतात ती त्यामुळे. कामाचा वेग वाढला आणि खर्च आटोक्यात राहिला. बायशाच्या साधेपणाला कंटाळवाणं म्हणणारे लोक भेटले की मी त्यांच्याशी हमखास वाद घालतो. बेघर झालेल्या शहरासाठी केलेली ही रचना आहे, आणि तिचं सौंदर्य तिच्या शिस्तीत आहे.

जमिनीखालचं बघायचं असेल तर रुआ दुश कोरेएरुश या रस्त्यावर एका बँकेच्या इमारतीखाली छोटं पुरातत्त्व केंद्र आहे. बँकेच्या कामासाठी नव्वदच्या दशकात खोदकाम करताना तिथे रोमन काळातले मासे खारवण्याचे हौद सापडले. त्याच खड्ड्यात बायशाच्या इमारतींखाली ठोकलेल्या पाइन लाकडाच्या मेखाही दिसतात. खालची माती पाणथळ, म्हणून हा पाया. सतत पाण्यात राहिलेलं लाकूड कुजत नाही, त्यामुळे त्या अजून टिकल्या आहेत. तिथे मोफत गाईड मिळतो, पण गट लहान असतात, आधी नाव नोंदवावं लागतं. तुमच्या तीन दिवसांतला सगळ्यात मोलाचा एक तास हाच ठरेल असं माझं मत आहे.

आता गाईड कसा निवडायचा. पोर्तुगालमध्ये गाईड म्हणून काम करायला परवाना सक्तीचा नाही, त्यामुळे उत्तम अभ्यास असलेले लोकही भेटतात आणि आठवडाभरात पाठांतर करून आलेलेही. ‘फ्री टूर’ नावाने चालतात त्या प्रत्यक्षात शेवटी खुशीने पैसे द्यायच्या टूर असतात. त्या वाईट नाहीत, पण गट मोठा असतो आणि इमारतींपेक्षा गोष्टींवर भर असतो. तुम्हाला वास्तू बघायच्या आहेत, तर आर्किटेक्ट किंवा इतिहासाचा अभ्यास केलेल्या माणसाची, दहा-बारा जणांपेक्षा लहान गटाची टूर शोधा. पैसे भरण्याआधी एक प्रश्न विचारा: गायोला प्रत्यक्ष कुठे दाखवता? बायशात आणि शेजारच्या शियादो भागात काही दुकानांनी आणि हॉटेलांनी दुरुस्ती करताना भिंतीचा एखादा तुकडा उघडा ठेवलाय. जाणकार गाईडला अशी ठिकाणं माहीत असतात. ज्याचं उत्तर ‘चौकातल्या मोठ्या कमानीजवळ फोटो काढू’ असं येईल त्याला सोडून द्या.

याच संदर्भात एक गोष्ट मला मनापासून टोचते. दुकानाची जागा मोठी करायला आतल्या भिंती काढणं, वर मजले चढवणं, किंवा दर्शनी भिंत तेवढी ठेवून आतलं सगळं रिकामं करणं हे इथे वर्षानुवर्षं होत आलंय. बाहेरून इमारत जुनीच दिसते, पण ज्याच्यासाठी ती जपायची तो गायोलाच आतून गेलेला असतो. चांगला गाईड याबद्दल बोलतो. तुम्हीही विचारा.

बायशाची टूर आई-बाबांसाठी सोयीची आहे, कारण शहराचा हा भाग सपाट आहे. सुरुवात नदीकाठच्या प्रासा दु कोमेर्सियु चौकात करणारी टूर घ्या. जुना राजवाडा इथेच होता. मधला जोझे राजाचा घोड्यावरचा पुतळा 1775 चा आहे. त्याच्या चौथऱ्यावर पोंबालचा चेहरा कोरलेलं पदक आहे, ते त्याची सत्ता गेल्यावर काढलं होतं आणि पुढे पुन्हा बसवलं. चौकातून निघणाऱ्या रुआ ऑगुश्ता रस्त्याची भव्य कमान मात्र 1870 च्या दशकात पूर्ण झाली, म्हणजे आराखड्यानंतर शंभरहून जास्त वर्षांनी. तिथून वर कार्मु मठापर्यंत जा. भूकंपात या गॉथिक चर्चचं छप्पर कोसळलं, आणि नंतर सुरू झालेलं बांधकाम 1834 मध्ये धार्मिक संघ बंद केल्यावर थांबलं ते थांबलंच. उघड्या आकाशाखाली उभ्या कमानी बघताना बायशा का तसा बांधला हे आपोआप कळतं. रविवारी हा मठ बंद असतो. शेजारच्या शियादो भागात 1988 च्या ऑगस्टमध्ये मोठी आग लागली होती, त्यानंतर तिथली पुनर्बांधणी आल्व्हारु सिझा या आर्किटेक्टने केली. जुन्याचा मान ठेवून नवं कसं करावं याचा धडा म्हणून त्या दोन-तीन गल्ल्या शांतपणे बघा.

अल्फामाबद्दल थोडक्यात. भूकंपात हा भाग बराचसा वाचला, म्हणून त्याची वेडीवाकडी जुनी रचना टिकून आहे. टॅक्सीने वर पोर्ताश दु सोल इथे उतरा आणि उतारावरून खाली चाला, आई-बाबांचे गुडघे वाचतील. इथे वाट चुकली तरी बिघडत नाही, खाली उतरत राहिलात की नदी लागतेच. फक्त 12 जूनची रात्र टाळा. ती सांतु आंतोनियुच्या सणाची रात्र असते, गल्ल्यांत भाजलेल्या सार्डिनचा धूर आणि तुडुंब गर्दी असते. सणासाठी जायचं तर जरूर जा, वास्तू बघायला नको. खाली उतरल्यावर ‘काझा दुश बिकुश’ हे टोकदार दगडांच्या दर्शनी भिंतीचं घर बघा. गोवा जिंकणाऱ्या आफोंसु द आल्बुकर्कच्या मुलाने ते 1523 मध्ये बांधलं. भूकंपात त्याचे वरचे मजले गेले होते, ते 1980 च्या दशकात पुन्हा चढवले.

बेलेमला गाईड लागत नाही, कारण तिथे दगडच बोलतात. जेरोनिमुश मठाचं काम सोळाव्या शतकाच्या सुरुवातीला मानुएल राजाने सुरू केलं. दोरखंड, समुद्री वनस्पती, आकाशगोल अशी नक्षी या मानुएलीन शैलीची ओळख आहे. तुम्ही जुन्या गोव्यात सेंट फ्रान्सिस असिसीच्या चर्चचा काळ्या दगडातला दरवाजा बघितला असेल, तर त्याचं मूळ घराणं इथे भेटेल. जवळच्या बेलेमच्या बुरुजावर एका पहारा-मनोऱ्याच्या तळाशी गेंड्याचं डोकं कोरलेलं आहे, आता बरंच झिजलंय. गुजरातच्या सुलतानाने दिलेला गेंडा गोव्याहून जहाजाने 1515 मध्ये लिस्बनला आणला गेला होता, त्याची ही आठवण. आई-बाबांना तो शोधायला सांगा. मठ सोमवारी बंद असतो आणि रांग मोठी असते, सकाळी उघडताना पोहोचा.

शक्य असेल तर पहिल्या दिवशी आझुलेजु म्हणजे रंगीत टाइलच्या राष्ट्रीय संग्रहालयात जा. ते मुळात एक जुना मठ आहे. तिथे भूकंपापूर्वीच्या लिस्बनचं, 1700 च्या सुमाराचं, साधारण 23 मीटर लांब टाइल-चित्र आहे. ते आधी बघून मग बायशात गेलात तर काय गेलं आणि त्या जागी काय आलं याची तुलना डोळ्यांसमोर राहते. मात्र संग्रहालयात आणि बेलेमच्या बुरुजात अधूनमधून दुरुस्तीची कामं निघतात, तिकिटं काढण्याआधी अधिकृत संकेतस्थळावर बघून घ्या.

बूट खरखरीत तळव्याचे आणा. इथले काळे-पांढरे दगडी पदपथ दिसायला सुंदर आहेत, पण घासून गुळगुळीत झालेत आणि ओले असले की त्यावरून घसरायला होतं. तुमच्या तारखा आणि राहायचं ठिकाण कळवलंत तर कुठल्या दिवशी काय बघायचं ते जुळवून देईन.