‘अनुवांशिक’ खोडा, वंश म्हणजे बांबू

सिकलसेल, म्हणजे तांबड्या रक्तपेशी विळ्यासारख्या वाकवणारा आजार, याबद्दल प्रश्न आहे: ‘सिकलसेल अनुवांशिक की जनुकीय? दोन्हींचा अर्थ एकच ना?’

आधी ते ‘अनुवांशिक’ खोडा. भिंतीवरच्या सूचनांपासून बातम्यांपर्यंत सगळीकडे हेच! ‘इक’ लागला की वृद्धी (‘अ’चा ‘आ’, ‘ओ’चा ‘औ’ होणे) पहिल्या स्वराला: समाज-सामाजिक, परंपरा-पारंपरिक, तसे अनुवंश-आनुवंशिक. मधला स्वर वाढवायला ‘पारलौकिक’चा दाखला देणारे विसरतात की तिथे दोन्ही पदांना वृद्धी आहे. त्या न्यायाने फार तर ‘आनुवांशिक’ होईल, ‘अनुवांशिक’ कधीच नाही.

खरी गंमत ‘वंश’मध्ये आहे. वंश म्हणजे मुळात बांबू. पाठीचा कणा तो पृष्ठवंश, बासरी ती वंशी, आणि घर फिरले की फिरतात ते वासेही याच वंशातले. शब्दांची व्युत्पत्ती सांगणारे प्राचीन निरुक्तकार यास्काचार्य त्याची फोड ‘वनशय’, वनात पहुडलेला, अशी करतात. मला ती ओढूनताणून आणलेली वाटते. कुळाला बांबूचे नाव मिळाले ते पेरांमुळे, असे माझे ठाम मत आहे. पेरावर पेर, पिढीवर पिढी. पोकळ बांबू हातात धरून पाहा: प्रत्येक पेराशी गाठ, आत आडवा पडदा, पुढे पुन्हा पोकळी.

पण हीच प्रतिमा घात करते. बांबू एका सरळ रेषेत वाढतो, म्हणून ‘वंशात आहे’ म्हटले की लोक एकच घराणे धरतात आणि बोट बहुधा सुनेकडे जाते. सिकलसेलचा रुग्ण (एसएस, म्हणजे ‘एस’ या सदोष जनुकाच्या दोन प्रती असलेला) जन्मायला सदोष जनुक आई आणि बाप दोघांकडून यावे लागते. दोघेही वाहक (एएस, म्हणजे एक प्रत निर्दोष, एक सदोष) असतील तर मूल एसएस होण्याची शक्यता २५ टक्के, वाहक होण्याची ५०, पूर्ण निर्दोष होण्याची २५. हा हिशेब दर गर्भारपणाला नव्याने. ‘एक आजारी झाले, आता पुढची तीन सुटली’ हे साफ चूक. एकच जण वाहक आणि दुसरा पूर्ण निर्दोष असेल तर एसएस मूल होत नाही, मग अशी सोयरीक मोडायची कशाला? ‘वाहक’ शब्दही नडतो. डासही रोगवाहकच, त्यामुळे ऐकणाऱ्याला संसर्गच आठवतो.

आणि लग्नाआधी नुसत्या सोल्युबिलिटी चाचणीवर थांबू नका. रक्तात ‘एस’ आहे एवढेच ती सांगते. एएस की एसएस ते इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी या, हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणाऱ्या चाचण्यांवर कळते.

हो, प्रश्नातला दुसरा शब्द राहिला: जनुकीय. जनुकातला बिघाड तो जनुकीय, पुढच्या पिढीत उतरतो तो आनुवंशिक. तंबाखूच्या धुराने फुप्फुसाच्या पेशीत झालेला बदल जनुकीय खरा, पण तो मुलांत उतरत नाही. सिकलसेल दोन्ही आहे.